तेवीस माणसांचं गाव

"वाच ना! थांबलीस का? एवढं काय लिहिलंय माझ्या लेकानं, की तुझ्या तोंडून शब्द फुटेना?"

येव्दोखा सासूबाईंचा आवाज एक्याऐंशीव्या वर्षीही करवतीसारखा चालत होता. खिडकीपाशी बसून त्या बटाटे सोलत होत्या आणि समोरच्या बाकावर युस्तीना, त्यांची सून, पत्र हातात धरून बसली होती. घसा खाकरून तिनं कागद सरळ केला, आणि बावीस वर्षं जशी वाचत आली होती तशीच, ठाम, स्वच्छ आवाजात पुढे वाचू लागली.

"'आई, येत्या शनिवारी मी स्वतः येतो आहे आणि या खेपेला तुला घेऊनच जाणार आहे. जिनं माझं पत्र दडवलं, मळणी होईपर्यंत मला बैलासारखं राबवलं आणि काम संपताच घराबाहेर काढलं, त्या बाईच्या घरात तुझे शेवटचे दिवस जावेत हे मला सहन होत नाही. हे पत्रही तीच तुला वाचून दाखवेल. हे वाक्य ती वाचेल की गाळेल, देव जाणे!'"

युस्तीनानं ते वाक्यही वाचलं. खालची सहीसुद्धा वाचली, 'तुझा लुकियान', आणि कागदाची घडी घालून तो सासूबाईंच्या पुढ्यात ठेवला.

बटाट्याचं साल सुरीवरून गळून पडलं. म्हातारीनं मान वर केली नाही.

"शनिवार म्हणजे सभेच्या आदल्या दिवशी," त्या पुटपुटल्या.

"हो, आई."

"बरं झालं तुझं. घर मोकळं होईल. एक दार उघडून लेकाला घालवलंस, दुसरं उघडून मला घालव!"

या असल्या बोलांना उत्तर द्यायचं नाही, हे युस्तीनानं फार पूर्वी ठरवलं होतं, आणि ठरवलेलं मोडायची तिला सवय नव्हती. उठून तिनं भिंतीवरचा कोट घेतला, शिडी खांद्यावर टाकली आणि ती बाहेर पडली. पोस्टासमोरचा दिवा दोन दिवस बंद होता. झोर्यानेत रस्त्यावर सहा दिवे होते आणि सहाही लागलेच पाहिजेत, असा तिचा दंडक होता.

कॅनडातल्या सास्काचेवानच्या त्या अफाट सपाट माळावर युक्रेनी शेतकऱ्यांनी वसवलेलं झोर्याने म्हणजे एक रस्ता, एक चर्च, एक पोस्ट, एक सभागृह, होर्दी साव्चिनचं दुकान आणि धान्याचं उंच लाकडी कोठार. युस्तीना सून म्हणून आली तेव्हा गावात एकशे चाळीस माणसं होती. आता तेवीस. एकोणीस वर्षं ती गावाची चिटणीस होती. कोण जन्मलं, कोण गेलं, कोण घराला कुलूप लावून एडमंटनला निघालं, हे सगळं तिच्याच अक्षरात लिहिलेलं होतं. आणि रविवारी, प्रार्थनेनंतर, त्या तेवीस माणसांनी ठरवायचं होतं की झोर्याने हे गाव म्हणून राहणार, की ग्रामपंचायत विसर्जित करून, नाव पुसून, आसपासच्या मोठ्या तालुक्यात विरघळून जाणार!

गाव वाचवायला कंबर कसून उभी होती ती युस्तीना. आणि गावाला गळती लावली म्हणून ज्या बाईकडे बोट दाखवलं जाई, तीही युस्तीनाच. कारण गाव सोडून गेलेला पहिला तरुण मुलगा तिचा धाकटा दीर होता... आणि त्याला तिनंच हाकललं होतं!

ते खरंही होतं. आणि ते तितकंसं खरं नव्हतंही!

लुकियान नऊ वर्षांचा होता तेव्हा ती या घरात आली. सासरे आधीच वारलेले, सासूबाई शेतात, म्हणून त्याच्या डोक्याला तेल लावण्यापासून त्याला पाढे शिकवण्यापर्यंत सगळं तिच्याकडेच आलं. तिला स्वतःचं मूल झालं नाही; पण 'वहिनी, वहिनी' करत पायात घोटाळणाऱ्या त्या पोरानं तिच्या अंतःकरणातली ती रिकामी जागा केव्हाच भरून टाकली होती. पुढे तिमोफी, तिचा नवरा, मळणीयंत्राच्या पट्ट्यात सापडून गेला. जाताना त्यानं धाकट्या भावाचा हात धरून एवढंच म्हटलं, "या दोघींना सोडू नकोस." सोळा वर्षांच्या लुकियाननं मान हलवली. त्या हलवलेल्या मानेनं त्याला शेताशी बांधून टाकलं.

पण पोरगा हुशार होता. शाळामास्तरांनी अर्ज भरायला लावला आणि सास्काटूनच्या इंजिनियरिंग कॉलेजात त्याला जागा मिळाली. ते पत्र आलं... आणि नाहीसं झालं! महिना गेला, दीड महिना गेला. लुकियाननं वाट पाहिली, आणि नशिबात नाही म्हणून पेंढ्या बांधायला लागला.

मळणीच्या माणसांसाठी पाव करायचे होते. पिठाच्या पिंपात खोल हात घातला तेव्हा युस्तीनाच्या बोटांना कागद लागला. पिठानं माखलेलं, न फोडलेलं, कॉलेजचा शिक्का असलेलं ते पाकीट... त्या घरात पीठ चाळणारे हात दोनच जणींचे होते. एक ती, आणि दुसऱ्या सासूबाई!

तिला राग आला नाही. एक मुलगा मातीत गेलेला, दुसरा शहरात जायला निघालेला. त्या अडाणी, एकट्या आईनं जे हाती लागलं ते लपवलं! पण लुकियानला हे कळलं तर? तो जाईल, आणि आईचं तोंडही पुन्हा पाहणार नाही. आणि नाही कळलं, तर भावाला दिलेल्या शब्दापायी तो जाणारच नाही.

बार्ली भरून झाली त्या दिवशी तिनं त्याला खळ्यावर गाठलं. पाकीट त्याच्या हातात दिलं.

"हे कुणी ठेवलं होतं?" त्याचा चेहरा पांढराफटक पडला. "आईनं?"

"मी ठेवलं होतं."

"तू? वहिनी... तू?"

"मळणीला हात कमी पडत होते. आता झाली मळणी. आता तुझी गरज नाही. वर्गांना अजून चार दिवस आहेत. उद्याची गाडी पकड."

"चेष्टा करतेस ना? आणि तुम्ही दोघी? दादाला मी..."

"दादा गेला, त्याच्याबरोबर त्याचा शब्दही गेला! शेत मी खंडानं देणार आहे. दोन बायांच्या घरात तिसरं खाणारं तोंड मला नको. जा म्हणते ना? समजत नाही का तुला? जा!"

तो पाहतच राहिला. ज्या डोळ्यांत तिनं नऊ वर्षं फक्त लोभ पाहिला होता, त्या डोळ्यांत द्वेष कसा उगवतो ते तिनं उभ्यानं पाहिलं... आणि पापणी हलू दिली नाही! वहिनी तुटली तर माणूस जगतो. आई तुटली तर त्याला परतायला उंबरठाच उरत नाही. हा हिशेब तिनं एकटीनं केला आणि तो बरोबर आहे याबद्दल तिला त्या दिवशीही शंका नव्हती, आजही नव्हती.

पहिल्या पत्रात त्यानं सगळं लिहिलं: वहिनीनं पत्र दडवलं, वहिनीनं हाकललं. सासूबाईंना वाचता येत नव्हतं. युस्तीनानंच वाचून दाखवलं. वाचून झाल्यावर तिनं मान वर केली. दोघींची नजर भेटली. पत्र कुणी दडवलं होतं हे त्या खोलीतल्या दोघींनाही ठाऊक होतं! युस्तीनाला वाटलं, आता सासूबाई काही तरी बोलतील... निदान हात तरी धरतील. म्हातारीनं नजर वळवली आणि म्हणाली, "माझ्या घराचा दिवा तू विझवलास."

ते जे सुरू झालं, ते बावीस वर्षं चाललं.

शनिवारी दुपारी लुकियानची निळी मोटार दारात उभी राहिली. चाळिशीचा, कानशिलं पिकलेला, कोट घातलेला माणूस उतरला. आणि चालू लागला मात्र, युस्तीना दारातच थबकली. चाल थेट तिमोफीची! या बावीस वर्षांत आईला त्यानं दोनदा नाताळात शहरात नेलं होतं, पण स्टेशनवरूनच. गावात पाऊल टाकलं नव्हतं.

"ये, लुकियान. जेवायला वाढते."

"वाटेत जेवलोय मी. तुम्ही त्रास घेऊ नका." 'तुम्ही' हा शब्द त्यानं अंगणात दगड टाकावा तसा टाकला. "आईची बांधाबांध झाली का?"

"कसली बांधाबांध?" आतून म्हातारी ओरडली. "उद्या सभा आहे. मला मत आहे. सभा झाल्याखेरीज मी हलायची नाही!"

"आई, आता या गावात मत देऊन काय करणार आहेस तू?"

"ते माझं मी बघीन. तू मोठा पूल बांधणारा झालास म्हणून मला शिकवू नकोस!"

लुकियान रात्री वहिनीच्या घरी राहिला नाही. होर्दी साव्चिननं त्याला आपल्याकडे बोलावलं. होर्दीचं दुकान येत्या महिन्यात बंद होणार होतं. दोन्ही मुलगे एडमंटनला, बायको गेलेली. गाव मोडलं तर आपणही विनासंकोच मुलांकडे जाऊ, असं त्याच्या मनात होतं. वाईट माणूस नव्हता तो. थकला होता.

रविवारी सभागृहात लहानथोर सगळी तेवीस माणसं आली. पाच मुलं सोडली तर मतं अठरा. लुकियान मागच्या भिंतीला टेकून, हात बांधून उभा होता. युस्तीना उठली. हातात कागद नव्हता. तिला त्याची गरजही नव्हती.

"मंडळी, मी लांबड लावणार नाही. विहीर आपली आहे आणि पाणी गोड आहे. सभागृह आपण आपल्या हातांनी बांधलं. सहा दिवे लागतात. हारासिमच्या घरात तीन मुलं आहेत, आणि ऑगस्ट लागायच्या सुमाराला पाळणा पुन्हा हलणार आहे. म्हणजे मी तेवीस लिहिते ते चोवीस होणार. लोक म्हणतात, गाव संपलं. कुठं संपलं? माणसं कमी झाली म्हणजे माणसं नाहीत, असं होत नाही! अमक्या आकड्याखाली गेलं की आपण आपलं नाव टाकून द्यायचं, हे मला पटत नाही. थकला असाल तर बसा. काम मी करते. पण नाव पुसू नका."

मागून कुणी तरी टाळी वाजवली. मग होर्दी उभा राहिला. त्याचा चेहरा लाल झाला होता.

"छान बोललीस, युस्तीना. तू नेहमीच छान बोलतेस! पण एक विचारू? या गावातून पहिला कोण गेला? कुणी घालवला? त्याच्यामागून माझे दोघे गेले, पाव्लोची मुलगी गेली, एकेक करून सगळे गेले. गाव रिकामं करायला जिनं सुरुवात केली, तीच आज गाव राखायला उभी? बघ, तो मागच्या भिंतीपाशीच उभा आहे. विचार त्याला!"

सगळ्या माना मागे वळल्या. लुकियाननं भिंत सोडली.

"मला या गावात मत नाही," तो हळू पण कठोर स्वरात म्हणाला. "पण होर्दीकाका म्हणतात ते खोटं नाही. मी जायला निघालो नव्हतो. मी इथंच राहणार होतो, भावाला शब्द देऊन. माझं पत्र दडवलं गेलं, माझ्याकडून मळणी करून घेतली गेली, आणि मग मला सांगण्यात आलं की इथं तिसरं तोंड नको. ज्या बाईला घरातलं एक माणूस राखता आलं नाही, ती गाव काय राखणार?"

युस्तीनानं टेबलाची कड घट्ट धरली. बोलायला तिच्यापाशी एक वाक्य होतं. फक्त एकच वाक्य... आणि ते बोललं की सगळं फिरलं असतं! तिनं ओठ मिटून घेतले.

"गप बस, लुकियान!"

पहिल्या बाकावरून येव्दोखा सासूबाई उठत होत्या. काठी खाली पडली. ती उचलायलाही त्या थांबल्या नाहीत. बाकाच्या पाठीला धरून त्या सभेकडे वळल्या.

"पत्र मी दडवलं."

"आई, खाली बसा," युस्तीना घाईनं पुढे झाली. "बरं नाही वाटत त्यांना..."

"मला चांगलं बरं वाटतंय! हात सोड माझा!" म्हातारीनं तिचा हात झटकला. "ऐका सगळ्यांनी. मी दडवलं, या हातांनी, पिठाच्या पिंपात. मला वाचता येत नाही, पण लेकाला नेणारं पत्र कोणतं हे आईला कळतं! हिला ते सापडलं. हिनं त्याच्या हातात दिलं, आणि म्हणाली, मी ठेवलं होतं. माझं पाप हिनं आपल्या डोक्यावर घेतलं... का, ठाऊक आहे? माझा लेक माझाच राहावा म्हणून! आणि मी काय केलं? मी हिला बावीस वर्षं टोमणे मारले. ती माझ्यासमोर बसून माझ्या लेकाच्या शिव्या मला वाचून दाखवायची आणि मी बटाटे सोलायची! दोनदा तुझ्या घरी राहिले, लुकियान, तेव्हाही तोंड उघडलं नाही. हिच्यावर रागावले नसते, तर मला माझ्यावरच रागवावं लागलं असतं रे... तेवढं बळ नव्हतं माझ्यात!"

लुकियानचा चेहरा त्या खळ्यावरच्या दिवसासारखाच पांढराफटक झाला होता.

"बावीस वर्षं," तो कसाबसा म्हणाला. "आई, बावीस वर्षं तू मला..." आणि त्याच्या डोळ्यांत तोच द्वेष उगवू लागला, जो युस्तीनानं एकदा पाहिला होता, पण या वेळी तो आईवर रोखलेला होता! ज्या एका क्षणाला भिऊन तिनं सारं आयुष्य होमात टाकलं होतं, तो क्षण अखेर समोर येऊन ठाकला होता.

"खबरदार!" युस्तीना त्या दोघांच्या मधे येऊन उभी राहिली. तिचा आवाज छतापर्यंत गेला. "एक शब्द बोलायचा नाही आईला! एक्याऐंशी वर्षांच्या बाईनं चारचौघांत उभं राहून आपली चूक सांगितली. तू सांगितली असतीस? मी तरी? माझ्यावर राग धरून तू पूल बांधलेस ना? बांधलेस! माणूस झालास ना? झालास! मग माझं काही वाया गेलेलं नाही. आणि ज्यासाठी हे सगळं सोसलं, ते आज तू एका शब्दानं मोडणार असशील, तर त्या दिवशी म्हणाले ते आज मनापासून म्हणेन... जा!"

मग ती सासूबाईंकडे वळली, आणि तिचे डोळे भरून आले. पण बोलली ती रागानंच.

"आणि तुम्ही! कुणी सांगितलं होतं तुम्हाला बोलायला? निभावलं होतं ना मी सगळं?"

"निभावलंस गं," म्हातारी हुंदका देऊन म्हणाली. "तेच तर मला मरू देत नव्हतं!"

लुकियान दोन पावलं पुढे आला. तो मोठा, कोट घातलेला माणूस सगळ्या गावासमोर वहिनीच्या पायांशी वाकला, आणि त्याला उभं राहता येईना. "वहिनी... मी काय काय लिहिलं गं! आणि तू ते सगळं..."

"ऊठ. अक्षर मात्र सुधारलं नाही तुझं," युस्तीना त्याच्या पिकल्या केसांवरून हात फिरवत म्हणाली. "वाचताना डोळे फुटायची वेळ यायची."

पलीकडे कुणी तरी हसलं, आणि त्याबरोबर सगळ्यांना रडायची परवानगी मिळाल्यासारखं झालं.

मत हात वर करून घेतलं. युस्तीनानं मोजायला नकार दिला; ते काम हारासिमनं केलं. बारा हात गावाच्या बाजूनं वर गेले. त्यांत येव्दोखा सासूबाईंचा हात सगळ्यांत आधी. सहा विरुद्ध. त्या सहांत होर्दीही होता.

"माझं मत तेच आहे, युस्तीना," टोपी हातात घेऊन तो तिच्यापाशी आला. "मी जाणार मुलांकडे. पण तो शब्द मी परत घेतो. सगळ्यांसमोर बोललो, तर सगळ्यांसमोरच परत घेतो."

"जा तुम्ही, काका. मुलांना माझा नमस्कार सांगा," ती म्हणाली. "पण दुकानाची किल्ली हारासिमकडे द्या. त्याच्या बायकोला दुकान चालवता येईल."

घरी येताना लुकियाननं आईला एका हातानं धरलं होतं. रस्ताभर तो तिच्याशी बोलला नाही; पण हातही सोडला नाही. जखम होती, आणि ती भरायला वेळ लागणार होता, हे युस्तीनाला समजत होतं. तिला घाई नव्हती.

दारात म्हातारी थांबली.

"एक विचारते. खरं सांग. ती पत्रं वाचताना... एखादं वाक्य गाळलं असतंस, तर मला थोडंच कळणार होतं? का नाही गाळलंस?"

युस्तीनानं दार उघडून धरलं.

"गाळलं असतं तर आवाज अडखळला असता, आई. आणि मला लागलं, हे तुम्हाला कळलं असतं."

म्हातारीनं डोळे मिटून घेतले. कितीतरी वेळ तिच्या सुरकुतल्या गालांवरून पाणी ओघळत राहिलं.

"मी तुझ्याबरोबर येत नाही, लुकियान," मग ती म्हणाली. "इथं माझी सून आहे. तुला आई हवी असेल तर तू येत जा. बायकोमुलांना घेऊन ये. रस्ता चांगला आहे आता, हिनंच करून घेतलाय."

"येईन," तो म्हणाला. थोड्या वेळानं पुन्हा म्हणाला, "उन्हाळ्यात सगळेच येऊ."

चुलीवर बोर्श्त, बिटाचं सूप, उकळत होतं. युस्तीना सवयीनं ताटं मांडायला वळली, तोच सासूबाईंनी तिच्या खांद्यावर हात ठेवून तिला खुर्चीवर बसवलं. डाव स्वतः उचलला. एकतीस वर्षांत या घरात तिला कुणी बसवून वाढलं नव्हतं. म्हातारीचा हात असा थरथरत होता की लालभडक बोर्श्त वाडग्यापेक्षा टेबलावरच जास्त सांडत होतं. लुकियान मदतीला उठू लागला.

युस्तीनानं त्याची बाही धरून त्याला खाली बसवलं.

"वाढू दे त्यांना," ती हळूच म्हणाली.

आणि वाडगं भरेपर्यंत ती हात मांडीवर ठेवून, ताठ बसून राहिली. मग चमचा उचलला आणि शेवटच्या थेंबापर्यंत जेवली... आणि वाडगं पुन्हा पुढे केलं.